टीमच्या जर्स्या, गणपती आणि तीन नंबरचे दोन प्लेअर

रिव्ह्यू जरा लांब आहे, कारण जर्स्या टाकल्या ऑगस्टमध्ये आणि लिहितोय सीझन संपल्यावर. घाई असेल त्यांच्यासाठी एवढंच: कापड मस्त, प्रिंट मस्त, दुकानाचे काका जी तारीख सांगतील त्यात दहा दिवस मिळवा, आणि गणपतीच्या तोंडावर ऑर्डर देणार असाल तर गणपतीवरच सोडा.

मी कॉलेजच्या फुटबॉल टीमचा कीपर. म्हणजे दुसरा कीपर. म्हणजे बेंचवर, म्हणून जर्स्यांचं काम माझ्या गळ्यात. पीडी (फिजिकल डायरेक्टर) सरांनी सांगितलं तीन कोटेशन आणा, तर दोन दुकानं कॅम्पातली बघितली आणि तिसरं हे, टिळक रोडच्या आतल्या गल्लीतलं. जिन्याखालचं दुकान, गाडी लावायला जागा नाही, सम-विषमचा बोर्ड झाडामागे लपलाय त्यामुळे चालत जा. आत भिंतभर क्रिकेटच, सोसायट्यांच्या प्रीमियर लीगच्या जर्स्या, आणि त्या सगळ्यात एका कोपऱ्यात हँगरला एफसी पुणे सिटीची केशरी जर्सी. ती दिसली आणि म्हणलं इथेच द्यायची ऑर्डर. काका बालेवाडीला मॅचेस बघायला जायचे, अगदी त्याआधीच्या क्लबच्या, पुणे एफसीच्या काळापासून. २०१२-१३ला आपण आय-लीगमध्ये, म्हणजे देशातल्या तेव्हाच्या सगळ्यात मोठ्या लीगमध्ये, दुसरे आलो होतो, गोव्याच्या चर्चिलच्या मागे, हे त्यांनी मला पहिल्या पाच मिनिटांत सांगितलं. मग तो क्लब गेला, २०१९ला पुणे सिटीपण बंद पडला आणि टीम गेली हैदराबादला. पुण्यात फुटबॉलवर जीव लावणारा माणूस असा थोडा दुखावलेलाच असतो, त्यामुळे आमचं लगेच जमलं.

रेट: जर्सी आणि शॉर्ट मिळून ४८० चा सेट, २० सेट, ९६०० झाले. स्टॉकिंग्ज वेगळ्या. जिमखान्याने अर्धे दिले, बाकीची कॉन्ट्री काढली (दोन जणांचे अजून यायचेत, त्यांना माहितीये ते कोण). कापडाचे चार नमुने टेबलावर टाकले आणि काकांनी स्वतःच्या बाटलीतलं पाणी प्रत्येकावर थेंबथेंब टाकून दाखवलं. एकावर थेंब तसाच गोळा होऊन बसला, डॉट निट नावाच्या कापडावर मात्र पसरला आणि आम्ही बोलेपर्यंत वाळलाही. ते घेतलं. फोनवर हे कोणी दाखवत नाही.

प्रिंट सब्लिमेशन. म्हणजे डिझाईन आधी कागदावर छापतात, मग तो कागद पांढऱ्या पॉलिस्टरवर ठेवून २०० डिग्रीच्या आसपास प्रेस मारतात, शाईची वाफ होऊन धाग्यातच जाऊन बसते. हात फिरवला तर काही लागत नाही, निघायचा प्रश्नच नाही. १९ जणांच्या जर्स्या मॅच, प्रॅक्टिस, हॉस्टेलचं वॉशिंग मशीन, सगळ्यातून गेल्यात आणि मरून अजून मरूनच आहे. हा झाला चांगला भाग.

आता नावं. आम्ही ठरवलं पाठीवर नावं मराठीत टाकायची, सगळेच इंग्लिशमध्ये टाकतात. काका खूश. यादी व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवली, त्यांच्या पोराने ती डिझाईनच्या कुठल्यातरी जुन्या सॉफ्टवेअरमध्ये पेस्ट केली आणि प्रूफ आलं त्यात शि ने सुरू होणाऱ्या दोन आडनावांची वेलांटी श च्या नंतर जाऊन उभी. आमच्या लेफ्ट बॅकच्या आडनावात कुऱ्हाडीतला ऱ्ह आहे, त्याचं तर र, खाली पाय मोडलेला, आणि शेजारी ह असं काहीतरी झालेलं. तो म्हणाला हे माझ्या आजोबांना दाखवू नका. काकांनी वाद घातला नाही, सगळी नावं श्रीलिपी या मराठी टायपिंगच्या सॉफ्टवेअरमध्ये बसून परत टाईप केली (श्रीलिपी पुण्याचीच, हे पण सांगितलं) आणि दुसऱ्या प्रूफला एकूण एक बरोबर. पण प्रूफ स्वतः मागावं लागलं हं, आपणहून देत नव्हते. मागा. मोठं करून बघा.

मग तारीख. ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात ॲडव्हान्स दिला, म्हणाले पंधरा दिवस. पंधरा दिवसांनी गेलो तर दुकानात पाय ठेवायला जागा नाही, दहीहंडीचे टीशर्ट नुकतेच गेलेले आणि आता मंडळांचे आलेले, पन्नास पिवळे, शंभर केशरी, कार्यकर्ता, कार्यकर्ता, कार्यकर्ता. आमच्या २० सेटला कोण विचारतो. काका म्हणे, "अरे होईल रे, घाबरता काय." आमची इंटरकॉलेज नॉकआऊट असते, हरलात की घरी, आणि पहिली मॅच विसर्जनानंतर तिसऱ्या दिवशी. टिळक रोड मिरवणुकीचा रस्ता, म्हणजे ते दोन दिवस दुकान उघडायचा प्रश्नच नाही. शेवटी मिरवणूक संपल्यावर संध्याकाळी गेलो, रस्त्याच्या कडेला चपलांचे ढीग, काकांचा आवाज बसलेला, आणि काउंटरवर आमची दोन गाठोडी बांधून तयार. घसा बसलेल्या माणसाशी भांडता येत नाही.

पण एक गोष्ट काकांची मानली. मी दोन्ही कीपरच्या जर्स्या पोपटी सांगितल्या होत्या. ते म्हणाले एक पोपटी कर, एक निळी, ऐक माझं. पहिल्या मॅचला समोरची टीम उतरली ती पोपटी घालून! कीपरचा रंग बाकी सगळ्यांपेक्षा वेगळा लागतो, रेफ्रींनी लगेच बोलावलं, आणि माझी निळी जर्सी गेली आमच्या पहिल्या कीपरच्या अंगावर. मी पूर्ण मॅच रेनकोट घालून बसलो. २-० जिंकलो.

प्रिंटबद्दल तक्रार एकच आणि ती २३ नंबरची. एका एफवायच्या पोराचा एलिजिबिलिटीचा फॉर्म उशिरा आला, तोपर्यंत आमचा लॉट छापून झालेला. सब्लिमेशनची शाई गडद कापडावर दिसतच नाही, म्हणून काकांनी तयार मरून टीशर्ट घेऊन त्यावर विनाइलचा, म्हणजे चिकटवायच्या प्लास्टिकच्या पातळ शीटचा, नंबर प्रेस करून दिला. दिसायला सेम. दुसऱ्या मॅचला हाफटाइमनंतर पाऊस, चिखल, एक टॅकल, आणि पाठीवरचा २ निघून हातात आला. पोरगा झाला ३. आमच्याकडे ३ नंबर आधीच आहे, तोच तो कुऱ्हाडवाला. रेफ्रींनी दोघांना शेजारी उभं केलं, एकदा याच्याकडे बघितलं एकदा त्याच्याकडे, आणि म्हणाले यातला एक कमी करा. फर्स्ट एड बॉक्समधली पांढरी पट्टी काढून मी ओल्या जर्सीवर २ चिकटवला, जो ७ सारखा दिसत होता, पण ७३ आमच्याकडे कोणी नव्हता त्यामुळे चालून गेलं. पेनल्टीवर जिंकलो ती मॅच.

दुसऱ्या दिवशी जर्सी घेऊन गेलो तर काकांनी ती उलटीपालटी करून पहिलं काय विचारलं, "इस्त्री कोणी केली?" केली होती. आईने, नंबरवरून, कडक. तरी फुकटात नवीन लावून दिला, समोर उभं राहून, वर पातळ कागद ठेवून दुसऱ्यांदा प्रेस मारला आणि थंड झाल्यावर नखाने ओढून दाखवला. तो टिकला. पण विनाइल गरम पाण्यात धुवायचं नाही, उलटं करून धुवायचं, इस्त्री तर बिलकुल नाही, हे देतानाच सांगायला हवं होतं, दोन ओळी बिलावर छापल्या तर काय बिघडतं.

बाकी साइज लहान येतात, एम घालणाऱ्याने एल घ्या. शॉर्टची नाडी चांगली आहे, इलॅस्टिकवर भरवसा ठेवू नका. कार्ड घेत नाहीत, जीपे चालतं.

तिसऱ्या मॅचला हरलो, शेवटच्या दोन मिनिटांत कॉर्नरवर, १-०. त्याबद्दल दुकानाचा एक स्टार कापत नाही. उशिराचा कापतोय, म्हणून चार.

परवा गेलो होतो उरलेले पैसे द्यायला, तेव्हा म्हणलं काका पुढच्या वर्षीची ऑर्डर जूनमध्येच देतो, गणपतीची भानगड नको. काका म्हणाले, "जूनमध्ये? जूनमध्ये पालखीचे टीशर्ट असतात रे."