एल्फिन्स्टनच्या पुण्याची सहल : संगमासाठी जरूर जा, शेवटची घाई मात्र खटकली

पेशवाईच्या अखेरीस पुण्यात इंग्रजांचा वकील आणि पुढे मुंबईचा गव्हर्नर असलेल्या माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनवर बेतलेली ही अर्ध्या दिवसाची सहल मी भाचीबरोबर केली. माणशी चारशे रुपये, चहा-पोहे त्यातच. मी शाळेत इतिहास शिकवायचे, त्यामुळे माझ्या अपेक्षा जरा जास्तच असतात. त्यातल्या बऱ्याचशा पुऱ्या झाल्या.

सुरुवात संगमापासून. इथे मुळा-मुठेच्या काठी इंग्रजांची रेसिडेन्सी, म्हणजे पेशव्यांच्या दरबारातल्या त्यांच्या वकिलाचा (रेसिडेंटचा) बंगला, होती आणि १८११ पासून एल्फिन्स्टन तिथे रेसिडेंट. सोळाव्या वर्षी स्कॉटलंडहून ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीत आलेला, १८०३ मध्ये मराठ्यांविरुद्धच्या असईच्या लढाईत इंग्रज सेनापती वेलस्लीसोबत असलेला, नंतर नागपूर आणि पेशावरची वकिलात करून पुण्याला आलेला हा माणूस. ग्रीक-लॅटिन वाचायचा नाद होता, हे वाटाड्या मुलाने आवर्जून सांगितलं. ५ नोव्हेंबर १८१७ ला तो संगम सोडून नदी उतरला आणि खडकीच्या इंग्रज फौजेला मिळाला. पेशव्यांच्या लोकांनी मागे बंगला पेटवला. पुस्तकं, कागद, सगळं गेलं.

पुलावरच्या हॉर्नच्या गोंगाटातही त्या मुलाने जुन्या नकाशाची मोठी छापील प्रत कठड्यावर पसरली आणि पाण्याकडे बोट दाखवत फौजा कुठून आल्या ते उलगडून सांगितलं. नदी, खडकी, गणेशखिंड यांचं एकमेकांपासूनचं अंतर असं उभ्या जागी समजलं, की नुसत्या सनावळीत अडकलेली लढाई माझ्या डोळ्यांसमोर उभी राहिली. इंग्रज सुमारे २८००, पेशव्यांचे सेनापती बापू गोखल्यांची फौज त्याच्या कितीतरी पट. तरी जिंकले इंग्रजच. ऐकताना माझे डोळे भरून आले, सांगायला संकोच नाही.

मग गाडीने पर्वती. दुसऱ्या बाजीराव पेशव्यांनी लढाई पाहिली असं सांगतात ती खिडकी इथलीच. त्यातून आता इमारतीच दिसतात. पण खरी किंमत वसूल झाली ती पायथ्याशी, ‘रमणा’ नावाच्या बंदिस्त आवाराची गोष्ट ऐकताना. श्रावणात पेशवे विद्वान ब्राह्मणांना दक्षिणा वाटत, ती रमण्यात. राज्य घेतल्यावर एल्फिन्स्टनने ती एकदम बंद केली नाही. वर्षाला ५०,००० रुपये त्या कामी ठेवले आणि त्याच पैशातून १८२१ मध्ये विश्रामबागवाड्यात संस्कृत पाठशाळा सुरू झाली. पुढचं डेक्कन कॉलेज तिच्यातूनच आलं. पेशवाई संपवणारा आणि पेशव्यांचा पैसा शिक्षणाला लावणारा माणूस एकच होता. त्याला उदार म्हणून डोक्यावर घेऊ नये असं माझं ठाम मत आहे, कारण नव्या राज्याला इथली विद्वान मंडळी दुखवून चालणार नव्हती. तरीही काम झालं, हे नाकारता येत नाही. गाइडने हे दोन्ही कुठलीही बाजू न घेता मांडलं, त्याबद्दल त्याचं मनापासून कौतुक.

खटकलेल्या गोष्टी. एक, मुंबईचं एल्फिन्स्टन रोड स्टेशन याच्याच नावाचं, असं गाइड बोलून गेला. ते त्याचा पुतण्या लॉर्ड जॉन एल्फिन्स्टन, १८५३ ते १८६० मधला गव्हर्नर, याच्या नावाचं. आता तर २०१८ पासून ते प्रभादेवी आहे. मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजचं नाव मात्र माउंटस्टुअर्टचंच. मी सांगितल्यावर त्याने लगेच वहीत टिपून घेतलं, हे आवडलं. दोन, विश्रामबागवाड्याला पोचेपर्यंत बारा वाजत आले आणि एल्फिन्स्टनची १८१९ ते १८२७ ची मुंबईची गव्हर्नरकी पाच-दहा मिनिटांत आटोपली. १८२७ ची कायद्यांची संहिता, न्यायनिवाडा करणाऱ्या जुन्या पंचायती शक्य तितक्या चालू ठेवायचा त्याचा आग्रह, इनामदार-जहागीरदारांना दिलेला दिलासा, यातलं एकेक नीट सांगायला हवं होतं. लढाईला दोन तास आणि कारभाराला दहा मिनिटं, हा हिशेब या माणसाच्या बाबतीत बसत नाही. पर्वतीवरचा फोटोंचा वेळ कापला तरी पुरे.

ज्येष्ठांनी पर्वतीच्या पायऱ्यांचा विचार करूनच नाव नोंदवावं. खाली थांबायची सोय आहे, पण आधी सांगावं लागतं. पाण्याची बाटली आणि टोपी घ्या. संगमापाशी गाडी लावायला जागा मिळत नाही, रिक्षानेच जा. गट छोटा असेल तो दिवस निवडा, मोठ्या गटात मागच्यांना ऐकू येत नाही.