रोममध्ये अर्धा दिवस उरलाय: टेस्टाच्चो की गार्बातेल्ला?

कोलोसियम, व्हॅटिकन बघून झालं असेल तर या दोन वस्त्यांपैकी एक तरी पायी फिराच. मेट्रोच्या बी लाईनवर पिरामिडेला उतरलात की टेस्टाच्चो, पुढच्याच स्टेशनला गार्बातेल्ला.

टेस्टाच्चोला गाईड हवाच. तिथली सुमारे ३५ मीटर उंच टेकडी लांबून साधी, हिरवी दिसते. जवळ गेल्यावर कळतं, ती अख्खी खापरांची आहे! प्राचीन काळी स्पेन आणि उत्तर आफ्रिकेतून ऑलिव्ह तेल घेऊन येणारे मातीचे रांजण रिकामे झाले की फोडून इथे रचत, वर चुना टाकत. काही खापरांवर व्यापाऱ्याचं नाव, तेलाचं वजन अजून वाचता येतं. पण ते दाखवणारं कुणी नसेल तर आपल्याला नुसता ढिगाराच दिसतो. वर जायला आधी बुकिंगही लागतं. शेजारचा कत्तलखाना १९७५ मध्ये बंद पडला, पण तिथल्या कामगारांच्या वाट्याला येणाऱ्या शेपटी-आतड्यांचे पदार्थ खाणावळींत अजून मिळतात. मांसाहारी असाल तर शेपटीचा रस्सा सोडू नका.

गार्बातेल्लाची पायाभरणी १९२० ची, कामगारांच्या घरांसाठी. त्याच दशकात मुंबईत बीडीडी चाळी उभ्या राहत होत्या. इथे मात्र इमारतींच्या मधोमध सामाईक बागा, दोऱ्यांवर वाळणारे कपडे, बाकांवर गप्पा मारणाऱ्या आजीबाई. इथे पंचवीस जणांचा घोळका नेणं मला पटत नाही. लोकांचं अंगण आहे ते. एकट्या-दुकट्याने, हळू आवाजात फिरा.

पैसे एकाच टूरचे असतील तर ते टेस्टाच्चोवर खर्च करा.