तालुक्याचा वकील आमदार झाला की: ‘ई-कोर्ट्स सर्व्हिसेस’ ॲप

आमदारकी मिळाली म्हणून वकिलीची सनद बाजूला ठेवावी लागत नाही. 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते स्पष्ट केलं. खरी अडचण तारखांची. हिवाळी अधिवेशनाला साहेब नागपुरात आणि इकडे तालुका कोर्टात बोर्डावर, म्हणजे त्या दिवसाच्या सुनावणीच्या यादीत, त्यांचीच प्रकरणं. अशा वकिलाला प्रकरणांच्या तारखा फोनवर दाखवणारं हे ॲप फार मोलाचं आहे, आणि तेही मोफत.

प्रकरण सीएनआर क्रमांकाने, म्हणजे प्रत्येक प्रकरणाला मिळणाऱ्या स्वतंत्र क्रमांकाने, शोधावं. तो 16 अक्षरी असतो: ‘एमएच’ राज्याचं, पुढची दोन अक्षरं जिल्ह्याची, दोन अंक न्यायालयाचे, सहा प्रकरणाचे, शेवटचे चार वर्षाचे. वकिलाच्या नावाने शोधलं तर निम्मी प्रकरणं सुटू शकतात, कारण इंग्रजी स्पेलिंग प्रत्येक वकीलपत्रावरून वेगळं चढलेलं असतं. बार नोंदणी क्रमांकाचा पर्याय त्यापेक्षा चांगला, पण तो नोंदवलेला हवा.

सापडलेलं प्रकरण ‘माय केसेस’मध्ये जतन करा. ही यादी फोनमध्येच राहते. फोन बदलण्याआधी एक्स्पोर्ट केली नाही तर सगळी जाते. रोज संध्याकाळी रिफ्रेश करा, नाहीतर जुनीच तारीख दिसत राहते. कोर्टात नोंद उशिरा झाली तर रिफ्रेश करूनही उपयोग नाही, म्हणून ज्युनिअरची डायरी हवीच.

ॲपवरची आदेशाची पीडीएफ वाचायला पुरते. अपिलाला मात्र नक्कल विभागातूनच प्रमाणित प्रत घ्यावी लागते.