देवळाचा वाद: धर्मादाय कार्यालय की दिवाणी कोर्ट?

महाराष्ट्रात देवळाचा वाद कुठे न्यायचा हे ठरवताना वादपत्राचा (दावा दाखल करताना द्यायच्या अर्जाचा) शेवटचा परिच्छेद आधी लिहून बघावा, म्हणजे कोर्टाकडे नेमकं काय मागायचंय तो. तेच गाव, तीच दोन घराणी, तोच गाभारा. पण एक मागणी धर्मादाय कार्यालयात चालते आणि दुसरी दिवाणीत.

त्याआधी दोन कागद काढा. पहिला, परिशिष्ट एकचा उतारा, म्हणजे धर्मादाय कार्यालयातली देवळाच्या न्यासाची (ट्रस्टची) नोंद. नोंदणी क्रमांक 'ए'पासून सुरू होत असेल तर न्यास हिंदू धर्मादाय म्हणून नोंदलेला आहे. विश्वस्त कोण, ते नेमायची रीत काय, मिळकती कोणत्या, हे त्यात असतं. दुसरा, जमिनीचा सातबारा. देवस्थान इनाम (देवाला दिलेली जमीन) असेल तर मालक देव; पुजाऱ्याचं नाव वहिवाटदार, म्हणजे जमीन सांभाळणारा, म्हणून येतं. वहिवाटदाराला मालक समजून केलेले व्यवहार हे निम्म्या भांडणांचं मूळ असतं.

आता दोन्ही दारं. महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम, 1950 चं कलम 79 सांगतं की न्यास आहे का, तो सार्वजनिक आहे का आणि अमुक मिळकत त्याची आहे का, हे उप किंवा सहायक धर्मादाय आयुक्तांनी ठरवायचं. कलम 80 ने या प्रश्नांपुरतं दिवाणी कोर्टाचं दार बंद केलं आहे. नवे विश्वस्त खरे की जुने, हा वादही आधी इथेच येतो: बदल झाल्यापासून 90 दिवसांत बदल अर्ज (विश्वस्त बदलल्याची नोंद करा असा), मग हरकती, मग चौकशी. निकाल विरोधात गेला तर कलम 70 खाली 60 दिवसांत अपील. निवडणूक रद्द ठरवा म्हणून थेट दिवाणीत गेलेला दावा बहुधा अधिकारक्षेत्राच्या मुद्द्यावरच अडकतो.

दिवाणीची बाजू मात्र लोक समजतात तेवढी लंगडी नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 9 नुसार मिळकतीचा किंवा पदाचा हक्क हा दिवाणी हक्कच. तो पूजाविधीच्या प्रश्नावर अवलंबून असला तरीही. कर्नाटकातल्या होन्नावरजवळच्या इडगुंजी गणपतीच्या पुजाऱ्यांचा खटला इथे उपयोगी पडतो. तो भाग पूर्वी मुंबई राज्यात होता, म्हणून कायदा हाच लागू. वंशपरंपरागत पूजेचा हक्क हा पुजाऱ्यांचा स्वतःचा हक्क आहे, त्यासाठी दिवाणी दावा चालतो, असं सर्वोच्च न्यायालयाने 2005 मध्ये ठरवलं. गुरवांच्या पूजेच्या पाळ्यांची भांडणं याच वाटेने जातात. पहिला नारळ कुणाचा, पालखीला पुढचा खांदा कुणाचा, असा निव्वळ मानपान असेल तर दावा टिकत नाही. तो मान एखाद्या पदाचा आणि त्याच्या उत्पन्नाचा भाग असल्याचं दाखवता आलं तरच टिकतो. हे 1961 पासून ठरलेलं आहे, तरी दर जत्रेनंतर कुणीतरी वकिलाकडे जातोच.

मधली वाट विश्वस्त व्यवस्था अधिनियमाच्याच कलम 50 ची. विश्वस्तांनी पैसा खाल्ला, हिशोब द्यायला लावा, विश्वस्त काढा, बळकावलेली जागा परत मिळवा, अशा मागण्यांसाठी देवळाशी हितसंबंध असलेल्या दोघा किंवा अधिक जणांना जिल्हा न्यायालयात (मुंबईत नगर दिवाणी न्यायालयात) जाता येतं. नेमाने दर्शनाला येणारा भक्तही यात बसतो. पण कलम 51 खाली धर्मादाय आयुक्तांची लेखी परवानगी हवी, आणि ती दाव्याच्या आधी. 'परवानगी मागितली आहे' असं लिहून दाखल केलेलं वादपत्र पहिल्याच हरकतीला पडू शकतं. परवानगीच्या अर्जात ज्या मागण्या होत्या त्याच वादपत्रात उतरवा.

'आमचं खासगी देवस्थान आहे' हा बचाव नेहमीचा. खासगी की सार्वजनिक हेही कलम 79 मध्येच येतं, म्हणजे फिरून धर्मादाय कार्यालय. कसोटी सर्वोच्च न्यायालयाच्या 1956 च्या देवकीनंदन निकालाची: लाभ ठरावीक माणसांना की सर्व लोकांना? वाड्याच्या चौकातलं देऊळ असलं, तरी उत्सवाला गावभर फाडलेल्या वर्गणीच्या पावत्या समोर आल्या की हा बचाव अवघड होतो.

देवस्थानच्या जमिनीवर कूळ आहे की नाही, हा प्रश्न मात्र दोन्हीकडे चालत नाही. तो कूळकायद्याखाली तहसीलदारांकडे जातो. पंढरपूर, शिर्डी, सिद्धिविनायक यांना स्वतंत्र कायदे आहेत. तिथे आधी ते वाचा. गोव्यात तर चौकटच वेगळी: महाजनांची (देवळाच्या हक्कदार घराण्यांतल्या सभासदांची) देवस्थानं, 1933 चं पोर्तुगीजकालीन नियमन आणि प्रशासक म्हणून मामलतदार.

चुकीच्या दारात गेलात तर वादपत्र परत मिळतं (आदेश 7, नियम 10) किंवा फेटाळलं जातं (नियम 11). प्रामाणिकपणे आणि नेटाने चालवलेल्या त्या दाव्यात गेलेला काळ मुदत कायद्याच्या कलम 14 खाली वजा मिळू शकतो, पण दरम्यान मिळालेली तूर्तातूर्त मनाई (निकालापर्यंतचा तात्पुरता मनाई हुकूम) जाते. पूजेची पाळी महिन्यावर आली असेल तर हा मुद्दा आधी तपासा.