बोलणं ब्रासमध्ये, बिल घनमीटरमध्ये

धायरीतल्या आमच्या जुन्या घराची गच्ची ठिबकायला लागली म्हणून मे महिन्यात वर ब्रिकबॅट कोबा, म्हणजे विटांच्या तुकड्यांचा आणि सिमेंटचा थर, करून घेतला. ८०,९४० रुपये मोजले. जूनमधल्या दुसऱ्याच मोठ्या पावसात, पाणी उतरायच्या पाइपापासून लांबच्या कोपऱ्यात डबकं साचलं. ठेकेदाराला फोन केला तर म्हणाला, "काकू, नवीन काम आहे, बसेल हळूहळू." पाणी खाली बसलं, ते आमच्या बेडरूमच्या छतातून.

बँकेत ३१ वर्षं काढलेली बाई मी. व्याजाचा आकडा चुकला तर मला झोप लागायची नाही. पण फूट, इंच, ब्रास आले की मान डोलवून मोकळी! त्यानं नेमकं तेच ओळखलं.

भाव ठरला ब्रासवर, २०,००० रुपये. खरं तर गच्चीचं काम सहसा चौरस फुटावर घेतात, तिथेच मी थांबायला हवं होतं. त्यात ब्रासही दोन असतात: वाळू-खडीचा म्हणजे १०० घनफूट, प्लास्टर-सेंट्रिंगचा म्हणजे १०० चौरस फूट. आमचा घनफुटाचा ठरला. माप घेतलं फूट-इंचात. बिल मात्र आलं घनमीटरमध्ये: ११.४० घनमीटर, दर ७,१००. एक ब्रास म्हणजे २.८३ घनमीटर, हे तेव्हा मला कुठे माहीत? त्या हिशेबानं दर ७,०६७ निघतो, पण तीसेक रुपयांचं मी मनावर घेत नाही. खरी गंमत पुढे आहे.

गच्ची ३६ फूट ६ इंच बाय २० फूट ३ इंच. त्यानं कागदावर लिहिलं ३६.६ आणि २०.३. सहा इंच म्हणजे अर्धा फूट, म्हणजे ३६.५, आणि तीन इंच म्हणजे २०.२५. याचा फरक चारेक चौरस फुटांचाच, पण तो त्याच्याच बाजूनं.

मग जाडी. पाण्याच्या पाइपापाशी दोन इंच, तिथून शंभरास एक ढाळ. मिस्त्री लोक दहा फुटाला सव्वा इंच म्हणतात. साडेछत्तीस फुटांना ४.३८ इंच चढ, म्हणजे लांबच्या टोकाला जाडी ६.३८. बिलात त्यानं ती साडेसहा इंच धरली, तीसुद्धा सगळ्या गच्चीभर! कोबा एका बाजूला दोन आणि दुसऱ्या बाजूला ६.३८ इंच असेल तर धरायची सरासरी, म्हणजे साधारण ४.२. तसं धरलं तर २.५८ ब्रास होतात. त्यानं लावले ४.०२.

एवढं लक्षात आल्यावर शेजारच्या जुन्या मिस्त्रीकाकांना बोलावलं. त्यांनी पारदर्शक नळीत पाणी भरलं, बुडबुडे घालवले आणि नळीची दोन टोकं गच्चीच्या दोन टोकांना उभी धरली. नळीतलं पाणी दोन्हीकडे एकाच पातळीत राहतं, तेव्हा त्या पातळीपासून खाली जमिनीपर्यंत टेप लावायचा, बस. पाइपापाशी ३८.५ इंच, लांब कोपऱ्यात ३७. फरक दीड इंच! हवा होता चारच्या वर. काका एवढंच म्हणाले, "ढाळ मारलेलाच नाही ओ ताई."

ठेकेदाराला परत फोन केला. आता त्याचं म्हणणं, जुना स्लॅबच उलट्या ढाळाचा, आम्ही काय करणार? मला ते क्षणभर पटलंही. कारण कामाआधी स्लॅबची पातळी मी घेतलीच नव्हती. पण काकांनी दोन्ही टोकांना भोक पाडून जाडी बघितली: इकडे दोन इंच, तिकडे साडेतीन. जाडीही दीडच इंचानं वाढलेली आणि वरची पातळीही दीडच इंचानं. म्हणजे खालचा स्लॅब सपाट. उलटा असता तर जाडीतला फरक वरच्या चढापेक्षा जास्त निघाला असता. हे गणित काकांनी बिडी विझवता विझवता केलं.

सरासरी पावणेतीन इंच धरून पडलेला माल १.६९ ब्रास, म्हणजे ३३,८०० रुपयांचा. वरचे सत्तेचाळीस हजार मी कशाचे दिले?

कठड्याचं प्लास्टर आमच्या मालानं होतं, त्याच्या वाळूतही तेच. "एक ब्रास" म्हणून आलेल्या टेम्पोचा हौदा माझ्या मुलानं नंतर त्याच गाडीवर मोजला: आठ बाय साडेचार बाय दोन. ७२ घनफूट. टेम्पोवाला हसून म्हणाला, सगळे असंच घेतात.

ठेकेदार आता फोन उचलत नाही. सगळे पैसे यूपीआयनं गेलेत आणि लेखी करारात ढाळाचा उल्लेखच नाही, फक्त "कोबा काम" एवढंच. पाऊस सरला की काका परत येतील. कठड्यावर त्यांनी चार बाजूंना रेघा मारून ठेवल्यात आणि प्रत्येक रेघेखाली तिथल्या जाडीचा आकडा लिहिलाय. तोवर सकाळी चहाच्या आधी मी वायपर घेऊन वर जाते आणि डबक्याला पाइपापर्यंत पोचवून येते.