व्हीएमवेअर वर्कस्टेशन: एक लॅपटॉप, पीएलसीची सगळी सॉफ्टवेअरं आणि जिनिंगचा पूर्ण हंगाम

वणी-हिंगणघाट पट्ट्यात जिनिंग-प्रेसिंगची सर्व्हिस करतो. मशीन चालवणारा कंट्रोलर, म्हणजे पीएलसी, जागोजागी वेगळा: एका प्रेसवर सीमेन्सचा जुना एस७-२००, शेजारच्या गावात डेल्टाचा डीव्हीपी, नव्या प्लांटला एस७-१२००. फाटकाबाहेर कापसाच्या गाड्यांची रांग असते अन् शेठ डोक्यावर उभे: "भाऊ, किती वेळ?" तेव्हा चुकीचं सॉफ्टवेअर उघडून चालत नाही.

टीआयए पोर्टल या सीमेन्सच्या पीएलसी प्रोग्रामिंग सॉफ्टवेअरच्या १५.१, १६, १७ या आवृत्त्या एकाच विंडोजवर नांदतात, त्यात नवल नाही. कटकट त्यांच्या खालच्या सामायिक गोष्टींची. लायसन्स मॅनेजर, ड्रायव्हर, पीजी/पीसी इंटरफेसची (लॅपटॉप पीएलसीशी कुठून बोलणार त्याची) सेटिंग सगळ्यांना मिळून एकच. म्हणून व्हीएमवेअर वर्कस्टेशन वापरतो. ते एकाच लॅपटॉपात वेगवेगळ्या विंडोजचे आभासी संगणक, म्हणजे व्हर्च्युअल मशीन, चालवतं. त्या काळानुसार केल्या. विंडोज एक्सपीत एस७-२०० चं मायक्रो/विन, नेटवर्क कायमचं बंद. विंडोज ७ मध्ये स्टेप ७ चं ५.५, एस७-३०० साठी. विंडोज १० मध्ये सगळे टीआयए एकत्र. डेल्टाचं डब्ल्यूपीएलसॉफ्ट हलकं, ते थेट लॅपटॉपवरच.

हंगामभर वापरून पटलेली गोष्ट ही, की आवृत्ती आपण नाही, प्लांट ठरवतो. १५.१ चा प्रोजेक्ट १७ मध्ये उघडला की त्याची अपग्रेड झालेली वेगळी प्रत बनते, मूळ तसाच राहतो. इथवर ठीक. पण ती प्रत पीएलसीच्या सीपीयूत डाऊनलोड केली, की १५.१ वाल्याला त्यातून प्रोग्राम वर घेता येत नाही. मग प्लांटचा इलेक्ट्रिशियन बसतो आपल्या फोनची वाट पाहत. सर्व्हिसचा धंदा वाढवायचा हा मार्ग काहींना आवडतो, मला नाही. पॅनलच्या दाराला आतून मार्करनं आवृत्ती अन् अपडेट क्रमांक लिहून येतो. (रंगारी पुसून टाकतो, तो भाग वेगळा.)

व्हर्च्युअल मशीनचं नेटवर्क ब्रिज्ड (लॅपटॉपच्या कार्डातून थेट बाहेर जोडलेलं) ठेवा, पण 'ऑटोमॅटिक'वर सोडू नका. नेटसाठी मोबाईलचा हॉटस्पॉट चालू असला तर ब्रिज वायफायला जोडला जाऊ शकतो, अन् पीएलसी दिसतच नाही. व्हर्च्युअल नेटवर्क एडिटरमध्ये केबलचं कार्ड नावानं निवडा. यूएसबी-सिरियल केबलही मशीनच्या आत जोडून द्यावी लागते.

स्नॅपशॉट, म्हणजे मशीनची त्या क्षणाची जपून ठेवलेली स्थिती, फार कामाचा. अपडेट बिघडलं की मागे जाता येतं. मात्र त्याआधी लायसन्स की पेनड्राइव्हवर हलवा. की डिस्कवर असते, अन् मागे जाते ती डिस्कच.

नोव्हेंबर २०२४ पासून वर्कस्टेशन प्रो धंद्यासाठीही फुकट आहे. विंडोजचं अन् पीएलसी सॉफ्टवेअरचं लायसन्स मात्र वेगळं लागतंच. व्हर्च्युअल मशीन जागाही खाते. माझी टीआयएची मशीन ८० जीबीच्या वर गेली, म्हणून एसएसडी घ्या. ८ जीबी रॅमवर हा खटाटोप करू नका राजेहो, टीआयए उघडेपर्यंत चहा होतो. १६ मध्ये चालतं, ३२ मध्ये बरं चालतं. आणि तुमच्याकडे फक्त डेल्टाचेच प्लांट असतील, तर यातलं काहीच लागत नाही.