स्पायनल स्टेनोसिसचे चार्ट: छापील कोडबुक की एन्कोडर?

स्पाइनच्या चार्टवर, म्हणजे कण्याच्या पेशंटांच्या नोंदींवर, नव्यानं बसलेली मुलंमुली हमखास विचारतात, "सर, ऑफिस एन्कोडर देतंच, मग एवढं महागाचं पुस्तक कशाला?" प्रश्न रास्त आहे. पुण्यात बसून अमेरिकी हॉस्पिटलांचं कोडिंग, म्हणजे निदान आणि उपचारांना ठरलेले कोड देण्याचं काम, करताना मी दोन्ही वापरलंय: छापील कोडबुक आणि एन्कोडर, म्हणजे कोड शोधून देणारं सॉफ्टवेअर. सीपीसीला, म्हणजे कोडरच्या प्रमाणपत्र परीक्षेला, पुस्तक लागतं, त्याबद्दल दुमत नाही. पास झाल्यावर दरवर्षी नवं घ्यायचं का, एवढाच मुद्दा आहे. उदाहरण पाठीच्या कण्यातली नळी अरुंद होण्याचंच, म्हणजे स्पायनल स्टेनोसिसचंच घेतो, कारण माझा निर्णय त्यावरूनच झाला.

एन्कोडरची बाजू भक्कम आहे. दिवसाचं टार्गेट डोक्यावर असताना पानं उलटत बसणं परवडत नाही. १ ऑक्टोबरला कोड बदलले की ते आपोआप आत येतात, अलीकडे १ एप्रिललाही येतात. पुस्तक मात्र छापलं तेव्हाचंच राहतं. शिवाय ६३०४७ सारख्या लॅमिनेक्टोमीच्या (मणक्याच्या हाडाचा भाग काढण्याच्या शस्त्रक्रियेच्या) कोडशी निदान जुळतंय का, ते तिथल्या तिथे कळतं. पुस्तकात ही सोय नाही.

मग अडलं कुठे? एका चार्टमध्ये डॉक्टरांनी लिहिलं होतं, 'बोनी कॅनल स्टेनोसिस, लंबार'. मी तेच शब्द शोधले. समोर एम ९९.३३ आला, कमरेच्या भागात हाडामुळे अरुंद झालेली नळी. शब्दाला शब्द जुळत होता. मी कोड टाकला आणि पुढच्या चार्टवर गेलो. ऑडिटमधून तो परत आला, शेरा एवढाच: एम ९९ च्या डोक्यावरची टीप वाचा. ती टीप सांगते की निदान दुसरीकडे बसत असेल तर हा गट वापरायचा नाही. आणि लंबार स्टेनोसिसला एम ४८.०६ मध्ये हक्काची जागा आहे.

टीप सॉफ्टवेअरमध्ये नव्हती असं नाही. दुसऱ्या टॅबमध्ये, आणखी एका क्लिकवर होती. पण शोध थेट शेवटच्या कोडवर नेऊन सोडतो, आणि आपण कुठल्या गटात आहोत हे कळायच्या आत काम उरकलेलं असतं. मला खटकलं ते हेच, आणि एकदा खटकल्यावर रोज दिसायला लागलं. सगळ्या एन्कोडरांत असंच असेल असं म्हणणार नाही, मी वापरलेल्या दोन्हींत होतं.

पुस्तकातलं एम ४८.० चं पान एकदा शांतपणे बघा. ०१ कवटीच्या तळाशी, ०२ मान, ०४ छाती, ०६ कंबर, ०८ त्रिकास्थी आणि माकडहाड. पान वाचत खाली जावं तसे आपण कण्यावरून खाली उतरतो. सहावं अक्षर फक्त कमरेच्या कोडला आहे: न्यूरोजेनिक क्लॉडिकेशन (नसा दबल्यानं चालताना पाय भरून येणं) नसेल तर एम ४८.०६१, असेल तर एम ४८.०६२. लगेच खालचा लंबोसेक्रल (कंबर आणि त्रिकास्थी जुळतात तिथला) एम ४८.०७ मात्र अखंड आहे. हा फरक मला पानावर नजर टाकताच कळला. सॉफ्टवेअरमध्ये मी तो कित्येक महिने पाहिलाच नव्हता.

या सहाव्या अक्षराला इतिहास आहे. आयसीडी-९ मध्ये, म्हणजे निदानाच्या कोडांच्या जुन्या यादीत, २०१० पासून क्लॉडिकेशनसह लंबार स्टेनोसिसला ७२४.०३ हा वेगळा कोड होता. १ ऑक्टोबर २०१५ ला अमेरिका आयसीडी-१०-सीएमवर आली तेव्हा हा भेद गेला, आणि १ ऑक्टोबर २०१७ ला परत आला. जुने चार्ट हाताळणाऱ्याला हे माहीत हवं. माझ्या पुस्तकात ते समासात पेन्सिलीनं लिहिलेलं आहे.

क्लॉडिकेशनच्या बाबतीत तर दोन्ही साधनं सारखीच अपुरी पडतात. नुसतं 'लंबार स्टेनोसिस' म्हटलं की दोन्हीकडे उत्तर ०६१ च येतं. पेशंटला चालताना पाय भरून येतात, ट्रॉलीवर वाकून चाललं की बरं वाटतं, एवढं नोंदीत असलं तरी ०६२ आपल्या मनानं टाकता येत नाही. डॉक्टरांनी तो शब्द लिहायला हवा, नाहीतर क्वेरी, म्हणजे डॉक्टरांना विचारणा, पाठवावी लागते. आणि एन्कोडरमध्ये नुसतं 'क्लॉडिकेशन' टाकून बघू नका. रक्तवाहिन्यांचा आय ७३.९ समोर येईल, आणि तो सर्वस्वी वेगळा आजार आहे.

मानेच्या स्टेनोसिससोबत मायलोपॅथी (मज्जारज्जूचा विकार) असेल तर आधी एम ४८.०२, मग जी ९९.२. पण मायलोपॅथी स्पॉन्डिलोसिसमुळे (मणक्यांच्या झिजेमुळे) किंवा डिस्कमुळे असेल तर जी ९९.२ चालत नाही. ही मनाई जी ९९.२ खालीच छापलेली आहे, पुस्तकात ती नजरेतून सुटणं अवघड.

रेडिओलॉजीचे शंभरेक छोटे रिपोर्ट रोज उरकायचे असतील तर एन्कोडर पुरेल, तिथे पुस्तकाचा आग्रह मी धरणार नाही. पण स्पाइन सर्जरीचे चार्ट करणार असाल, आणि पहिली दोन-तीन वर्षं असतील, तर मी पुस्तक घ्या म्हणेन. मी अजूनही दर ऑक्टोबरला घेतो. कोड एन्कोडरमध्येच शोधतो, पण सबमिट करण्याआधी एम ४८ आणि एम ९९ ची पानं उघडतो. दोन्हींना रंगीत चिठ्ठ्या लावलेल्या आहेत, त्यामुळे अर्ध्या मिनिटात काम होतं.